गावच्या शिवारातला इतिहास कसा नोंदवावा, कसा राखावा: कुकडी-घोड खोऱ्यासाठी मार्गदर्शक

१९७४ साली प्रवरेकाठच्या दायमाबादला झाडाचे मूळ खणताना एका शेतकऱ्याला चार ब्राँझच्या वस्तू मिळाल्या: बैलजोडीचा रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा. सगळ्यांचे मिळून वजन ६० किलोंहून अधिक. भारतीय पुरातत्त्वातल्या अत्यंत मोलाच्या वस्तूंमध्ये त्यांची गणना होते. तरीही त्या नेमक्या कोणत्या काळातल्या, यावर अभ्यासकांत अजून वाद आहे. कारण त्या जमिनीतून निघाल्या तेव्हा त्यांच्या वर कोणता थर होता, खाली कोणता, शेजारी कसल्या खापऱ्या होत्या, याची नोंद करणारे तिथे कोणी नव्हते. यात त्या शेतकऱ्याचा काहीच दोष नाही. पण यातून एक गोष्ट पक्की ध्यानात येते. जुन्या वस्तूचे निम्मे मोल तिच्या जागेत असते, आणि जागेची नोंद एकदा हुकली की ती पुन्हा करता येत नाही.

हा लेख त्या जागेबद्दल आहे. गावातला शिक्षक, महाविद्यालयात जाणारी मुलगी, निवृत्त तलाठी, ग्रामपंचायत सदस्य, शेती करणारा आणि इतिहासाची ओढ असलेला तरुण, यांच्यापैकी कोणालाही आपल्या शिवाराची पुरातत्त्वीय पाहणी करता येते. त्यासाठी पदवी लागत नाही. शिस्त मात्र लागते. उदाहरणासाठी मी कुकडी आणि घोड नद्यांचे खोरे घेतो आहे, म्हणजे पुणे जिल्ह्यातले जुन्नर, आंबेगाव आणि शिरूर तालुके. पद्धत देशावर कुठेही थोड्याफार फरकाने चालेल.

खोऱ्याकडे एकसंध पाहा

या खोऱ्यात पश्चिमेला नाणेघाट आहे. कोकणातल्या बंदरांवरून वर येणारा सातवाहनकालीन व्यापारी मार्ग तिथून जात होता. घाटातल्या लेण्यात सातवाहन राणी नागनिकेचा प्रसिद्ध लेख आहे आणि घाटाच्या तोंडाशी दगडी रांजण. तिथून खाली जुन्नर. शिवनेरी, लेण्याद्री, तुळजा आणि मानमोडी धरून दोनशेहून जास्त लेणी या एका शहराभोवती आहेत. कुकडीच्या उगमाजवळ पूर गावी कुकडेश्वराचे मंदिर आहे. आणखी खाली बोरी गावाजवळ नदीच्या काठात ज्वालामुखीची राख सापडते. तिचा संबंध सुमात्रातल्या टोबा ज्वालामुखीच्या उद्रेकाशी जोडला जातो, वयाबद्दल मतभेद आहेत, आणि त्याच परिसरात अश्मयुगीन हत्यारेही मिळाली आहेत. पूर्वेला शिरूर तालुक्यात घोडनदीच्या काठी इनामगाव. डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात तिथे उत्खनन केले आणि इ.स.पू. १६०० ते ७०० या काळातले शेतकऱ्यांचे एक अख्खे खेडे उजेडात आणले. घरे, धान्याची कोठारे, घराच्या जमिनीखाली दोन कुंभ तोंडाला तोंड लावून केलेली लहान मुलांची दफने, पाण्यासाठी खणलेला पाट, असे कितीतरी.

यातला प्रत्येक अवशेष सुटा पाहिला तर ती प्रेक्षणीय स्थळांची यादी होते. जोडून पाहिला तर प्रश्न उभे राहतात. घाटावरून आलेला माल कोणत्या वाटेने खाली गेला? इतक्या लेण्यांतल्या भिक्षूंना धान्य कुठून मिळत होते? या दुसऱ्या प्रश्नाचे थोडे उत्तर जुन्नरच्या लेखांतच आहे. मानमोडीच्या लेखांत शेतजमिनी दान दिल्याचे उल्लेख आहेत, करंज आणि वडाची झाडे लावण्यासाठी अमुक निवर्तने (निवर्तन हे जमिनीचे जुने माप) जमीन, असे. धान्याचे व्यापारी, बांबूकाम करणारे, काशाची भांडी घडवणारे यांच्या श्रेणींचीही, म्हणजे व्यावसायिक संघांचीही, नावे येतात. म्हणजे लेणे डोंगरात असले तरी त्याचा अर्धा संसार खालच्या शिवारात होता. ते शिवार आज द्राक्ष, टोमॅटो आणि उसाखाली आहे, आणि त्याची पाहणी लेण्यांच्या मानाने फार थोडी झाली आहे. गावच्या माणसाला करण्यासारखे काम नेमके इथे आहे.

पहिली पायरी: कागद आणि नकाशे

शेतात जाण्याआधी महिनाभर कागदावर घालवा. भूमी अभिलेख कार्यालयातून गावचा नकाशा मिळवा आणि त्यावर गट क्रमांकांबरोबर जुने सर्व्हे नंबरही लिहून घ्या, कारण जुन्या नोंदी सर्व्हे नंबराने बोलतात. तलाठ्याकडच्या दुमाला जमिनींच्या नोंदवहीत देवस्थान इनाम आणि वतनाच्या जमिनी सापडतात. मंदिर आज पडून गेले असले तरी त्याच्या दिवाबत्तीची जमीन कागदावर शिल्लक असते. १८८५ च्या पुणे जिल्हा गॅझेटिअरमध्ये जुन्नर आणि परिसराचे बारकाईने केलेले वर्णन आहे. तेव्हा काय उभे होते आणि आज काय नाही, हे ताडून पाहायला ते उपयोगी पडते. मोडी वाचणारे कोणी ओळखीचे असेल तर पुणे पुराभिलेखागारातल्या पेशवे दफ्तरात आपल्या गावाचे कागद शोधता येतील.

गावच्या कागदांत ओसाड पडलेल्या, बेचिराग झालेल्या गावांची नावे आली तर ती अधोरेखित करा. शेतांची नावेही जमवा. पांढरी, गढीचा मळा, बुरुजाचे शेत, मठाची पट्टी, जुने गावठाण, अशा नावांनी वर्षानुवर्षे पिके घेतली जातात आणि ती का पडली हे कोणी विचारत नाही. प्रत्येक नावामागे अवशेष असेलच असे नाही. पण पाहणी कुठून सुरू करायची, हे अशा नावांवरून ठरते.

मग गूगल अर्थवर गावाची जुनी उपग्रह चित्रे एकामागून एक पाहा. पाटाचे पाणी येण्याआधीची, सपाटीकरणाआधीची चित्रे हवीत. नदीच्या वळणावर भोवतालच्या काळ्या रानात फिकट रंगाचा गोल किंवा लांबट डाग दिसला तर तिथे खूण करा. बहुतेक वेळा ते जुन्या वस्तीचे पांढरीचे टेकाड असते. राख, शेण, पडलेल्या मातीच्या भिंती आणि चुना शेकडो वर्षे साचून ती जमीन तशी फिकट झालेली असते.

दुसरी पायरी: माणसे

ही पायरी गाळून लोक थेट शेतात जातात, आणि तिथेच काम बिघडते. आधी गावात सर्वांना सांगा की आपण काय करतो आहोत. सरपंच, पोलीस पाटील, तलाठी, शाळेचे मुख्याध्यापक यांच्या कानावर घाला. शेतमालकाची परवानगी प्रत्येक वेळी घ्या, तोंडी का होईना. न सांगता शेतात वाकून काहीतरी शोधणारा माणूस गुप्तधन हुडकतो आहे, असेच गावाला वाटते, आणि त्यांचा संशय अनाठायी नाही. गुप्तधनासाठी समाध्या, जुनी मंदिरे आणि वीरगळ (पडलेल्या वीरांचे स्मृतिदगड) खणण्याचे प्रकार आजही घडतात.

विचारायचे प्रश्न साधे ठेवा. नांगर कुठे दगडाला अडतो? विहीर पाडताना राख किंवा हाडे लागली होती का? कोणत्या तुकड्यात पीक इतरांच्या आधी वाळते? उन्हाळ्यात भिंतीच्या रेषेवर पीक लवकर माना टाकते, कारण खाली माती कमी आणि दगड जास्त असतो, हे शेतकऱ्याला पुरातत्त्वाच्या पुस्तकाशिवाय ठाऊक असते. गुरवांना देवळाच्या आवारातला दगड कुठून आणून लावला हे माहीत असते. धनगर आणि गुराखी डोंगराच्या कुशीतली टाकी आणि कपारी सांगतात. जुन्या वाटा महिलांना चांगल्या आठवतात, कारण पाणी आणि सरपण त्यांनीच वाहिले आहे. त्यांना वेगळे बसवून विचारा, पुरुषांच्या बैठकीत त्या बोलत नाहीत.

ऐकलेले आणि पाहिलेले वहीत वेगवेगळ्या शाईने लिहा. ‘पांडवांनी एका रात्रीत बांधले’ ही गोष्ट इतिहासाचा पुरावा नाही, पण ती जागा गावाच्या मनात किती मोठी आहे हे त्यातून कळते. जपणुकीच्या वेळी त्याचा उपयोग होतो.

तिसरी पायरी: शिवार पायी घालणे

काळ महत्त्वाचा. उभ्या पिकात काही दिसत नाही. रब्बी निघाल्यावर नांगरट झालेली असावी आणि वळवाची एक सर येऊन गेलेली असावी. धूळ धुतली जाते, खापऱ्या आणि गारेच्या दगडाची धारदार पाती ढेकळांवर उघडी पडतात. हा काळ फार थोडा असतो, तो चुकवू नका. ऊस असेल तर तोडणीनंतरची मोकळीक साधा. सकाळचे तिरपे ऊन सर्वांत चांगले, कारण जमिनीचा किंचित उंचवटाही सावली टाकतो. मात्र या खोऱ्यात उसाच्या फडात बिबट्या असतो. झुंजूमुंजू किंवा तिन्हीसांजेला एकट्याने जाऊ नका. चार-पाच जण मिळून, बोलत बोलत चाला.

चालण्याची रीत अशी. सर्वांनी एका बांधावर दहा-दहा मीटर अंतर सोडून ओळीत उभे राहायचे आणि समोरच्या बांधापर्यंत सरळ चालायचे. नजर पायापुढे दीड-दोन मीटर. काही दिसले की थांबून जागेवर बांबूची काडी रोवायची, उचलायचे नाही. शेत संपले की काड्या कुठे दाट आणि कुठे विरळ आहेत ते पाहायचे. दाट भागात ५ मीटर बाय ५ मीटरचा चौकोन दोरीने आखून त्यातल्या खापऱ्या मोजायच्या. काही न सापडलेल्या शेताचीही नोंद करायची. ‘इथे पाहिले, काही नाही’ ही नोंद पुढच्या अभ्यासकासाठी तितकीच मोलाची असते, आणि हौशी पाहण्यांत हमखास तीच गाळली जाते.

इथे एक सावधगिरी हवी. पांढरीची माती सुपीक असते. पिढ्यान्‌पिढ्या शेतकऱ्यांनी ती गाड्या भरभरून आपल्या रानात खत म्हणून टाकली आहे, धाब्याच्या घरांच्या छतावरही घातली आहे. मातीबरोबर खापऱ्याही जातात. त्यामुळे गावापासून दूरच्या शेतात विरळ, झिजलेल्या, लहान तुकड्यांच्या खापऱ्या सगळीकडे सारख्या विखुरलेल्या दिसल्या तर तिथे वस्ती होती असे लगेच मानू नका. त्या खताबरोबर आलेल्या असण्याची शक्यता मोठी. वस्तीच्या जागी खापऱ्या मोठ्या, कडा धारदार, प्रकार अनेक आणि सोबत राख, हाडे, भाजलेल्या मातीचे गोळे, पाटा-वरवंट्याचे तुकडे असतात. उताराच्या तळाशी वाहून आलेल्या खापऱ्यांचेही तसेच. वरच्या बाजूला जाऊन त्या कुठून आल्या हे शोधा. या दोन गोष्टी तपासल्याशिवाय नकाशावर ‘प्राचीन वस्ती’ लिहिणे म्हणजे पुढच्याला चुकीच्या वाटेला लावणे होय.

चौथी पायरी: खापरी ओळखणे

शिवारातला सर्वांत जास्त बोलका पुरावा खापरीच. नाणे हरवते, धातू वितळवतात, लाकूड कुजते. खापरी राहते.

ढोबळ ओळख इतकी ठेवा. खणखणीत भाजलेली, बोटाने टिचकी मारल्यावर वाजणारी, लाल पृष्ठावर काळ्या रेषांची नक्षी असलेली, कधी नळीचे तोंड असलेली खापरी ताम्रपाषाणयुगीन (तांबे आणि दगड दोन्हींची हत्यारे वापरण्याच्या काळातली) जोर्वे प्रकारची असू शकते. अशा खापऱ्यांबरोबर गारेची लांबट, अरुंद पाती मिळतात. आतून पूर्ण काळी, बाहेरून गळ्याजवळ काळी आणि खाली तांबडी खापरी, किंवा गुळगुळीत लाल झिलईची खापरी, आणि सोबत हल्लीच्या विटेपेक्षा खूप मोठ्या विटा, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे, शिशाची नाणी, असे दिसले तर सातवाहन काळाचा विचार करा. रंगीत काचेच्या बांगड्यांचे तुकडे आणि काचेसारख्या निळसर-हिरव्या झिलईची भांडी मध्ययुगाकडे नेतात. जुन्नर परिसरात निजामशाहीचा वावर मोठा होता, तेव्हा अशी भांडी तिथे मिळणारच.

पण हे ओळखणे अंदाजाचे आहे हे विसरू नका. वहीत ‘जोर्वे’ असे न लिहिता ‘लाल, काळी नक्षी, पातळ, वाजणारी’ असे वर्णन लिहा आणि काठाचा आकार काढा. भांड्याचा काठ, बूड आणि नळी यांवरून जाणकाराला काळ जास्त नेमका सांगता येतो, पोटाच्या तुकड्यावरून कमी. दोन्ही बाजूंचा फोटो मापपट्टीसह घ्या आणि खापरी होती तिथेच ठेवा. घरी डबे भरून खापऱ्या गोळा करणारे बरेच भेटतात. त्यांची आवड खरी असते, पण दहा वर्षांनी डब्यावरची चिठ्ठी गळून पडते आणि तो इतिहास कचरा होतो.

पाचवी पायरी: कापलेल्या कडा

खणायचे नाही, हा नियम पक्का. उत्खननाला केंद्रीय पुरातत्त्व खात्याचा परवाना लागतो, आणि परवाना लागत नसता तरी मी हेच सांगितले असते. बिनअनुभवी हाताने काढलेला एक फुटाचा खड्डा अनेक पिढ्यांचे थर एकमेकांत कालवतो.

तरीही जमिनीच्या आत पाहता येते, कारण जमीन इतरांनी कापलेली असते. ओढ्याची दरड, नवी विहीर, शेततळे, रस्त्याची खोदाई, पाटाची बाजू. कडेवरची सैल माती मऊ ब्रशने झाडा आणि वरून खाली रंग पाहा. काळ्या मातीत राखाडी पट्टा, त्यात खापऱ्या आणि हाडे, त्याखाली चोपून केलेली पिवळसर जमीन, पुन्हा राख, खाली निर्भेळ काळी माती किंवा मुरूम. प्रत्येक थराची जाडी टेपने मोजून आलेख कागदावर काढा. थरातून खापरी उपटू नका. तिचे मोल त्या थरात अडकून असण्यात आहे. आणि पावसाळ्यात किंवा पावसानंतर ओल्या दरडीखाली उभे राहू नका. नव्या विहिरीत तर उतरूच नका. वरून फोटो पुरतो.

धरणाचे पाणी आटते तेव्हाही असेच घडते. भीमेवर उजनीच्या पाण्यात गेलेले पळसदेवचे पळसनाथ मंदिर पाणी खाली गेले की उघडे पडते. आपल्या गावची जुनी पांढर बुडिताखाली असेल तर दुष्काळाचा उन्हाळा हीच तिची पाहणी करण्याची वेळ.

सहावी पायरी: उभे दगड, बारव, टाकी

वीरगळ बहुतेक गावांत असतात. खालच्या चौकटीत युद्ध, मधल्या चौकटीत वीराला घेऊन जाणाऱ्या अप्सरा, वर शिवलिंगाची पूजा, सर्वांत वर कलश आणि चंद्रसूर्य, अशी त्यांची ढोबळ मांडणी. खालच्या चौकटीत गाई-गुरे कोरलेली असतील तर तो गोधन राखताना पडलेला वीर. या तपशिलाची नोंद न चुकता करा. खोऱ्यातल्या गुरांच्या वाटा आणि गायराने यांच्याशी ती जोडता येते. सतीशिळेवर काटकोनात वाकलेला, बांगड्या भरलेला हात असतो. गधेगाळ (शापवचनाचे, गाढव कोरलेले दगड) कोकणात जास्त, पण घाटावरही आढळतात, आणि त्यावर लेख असण्याची शक्यता असते.

प्रत्येक दगडासाठी उंची, रुंदी, जाडी, तोंड कोणत्या दिशेला, किती चौकटी, प्रत्येक चौकटीत काय, लेख आहे का, आणि सर्वांत महत्त्वाचे, दगड मूळ जागी आहे की आणून लावला आहे. मारुतीच्या पारावर ओळीने लावलेले वीरगळ बहुधा शेतांतून, वेशीवरून, रस्ता रुंदीकरणातून गोळा झालेले असतात. ते कुठून आले हे सांगणारी पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे. हे काम पुढच्या वर्षावर ढकलू नका.

लेख वाचण्यासाठी खडू, पीठ, तेल, कोळसा यातले काहीही दगडाला लावायचे नाही. रात्री विजेरी दगडाच्या अगदी बाजूने धरा आणि फोटो काढत विजेरी फिरवा. दिवसा सपाट वाटणारी अक्षरे सावलीने उठून येतात. पुसट वाटलेले अक्षर कोरणीने ‘स्पष्ट’ करण्याचा मोह कोणाला झाला तर त्याचा हात धरा.

बारवेची नोंद करताना पायऱ्यांची संख्या, कोनाडे, पाण्याची पातळी उन्हाळ्यात आणि पावसाळ्यानंतर, आणि पाणी येण्याची दिशा लिहा. डोंगरातल्या टाक्यांचेही तसेच. जिथे जुने पाणी तिथे जुनी वाट, आणि तिच्या दोन्ही अंगांना वस्तीच्या खुणा, हे या खोऱ्यात पुन्हा पुन्हा दिसते.

सातवी पायरी: नोंदवही आणि नकाशा

प्रत्येक अवशेषाला एक क्रमांक द्या: गावाचे आद्याक्षर, गट क्रमांक, अनुक्रमांक. तोच क्रमांक फोटोच्या नावात, वहीत आणि नकाशावर. फोनवर मिळणारे अक्षांश-रेखांश पाच मीटरपर्यंत सरकलेले असतात, घळीत आणि दाट झाडीत त्याहून जास्त. म्हणून शेजारच्या न हलणाऱ्या खुणेपासूनचे अंतर टेपने मोजून लिहा, उदाहरणार्थ विहिरीचा कठडा किंवा पुलाचा कोपरा. फोटोत मापपट्टी आणि उत्तर दिशेचा बाण हवा. एक फोटो जवळून, एक दुरून, ज्यात भोवतालचे शिवार दिसेल असा. दुसरा फोटो लोक काढत नाहीत, आणि वीस वर्षांनी तोच जास्त कामाला येतो.

मग सगळ्या खुणा एका नकाशावर आणा. क्यूजीआयएस हे नकाशे बनवण्याचे सॉफ्टवेअर फुकट मिळते आणि महाविद्यालयातली मुले ते लवकर शिकतात. नदी, ओढे, मातीचा प्रकार, जुन्या वाटा, अवशेष, असे थर एकावर एक ठेवा. आता प्रश्न विचारा. ताम्रपाषाणयुगीन खापऱ्या फक्त नदीकाठच्या काळ्या रानातच का? वीरगळ शिवेवर ओळीने आहेत का? पांढर नदीच्या कोणत्या काठावर आहे आणि पुराची रेषा कुठे येते? शेजारच्या गावाचा नकाशा जोडला की चित्र आणखी उलगडते. एका गावाच्या नकाशावर वाट दिसत नाही, चार गावांच्या नकाशावर दिसते.

तपशील पुरेसा झाला की दोन पानी टिपण, नकाशा आणि निवडक फोटो राज्याच्या पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालयाच्या विभागीय कार्यालयाला आणि डेक्कन कॉलेजला पाठवा. टिपणात दावे नकोत, वर्णन हवे. ‘जगातील सर्वांत जुने’ असे शब्द असलेले पत्र कोणी गांभीर्याने वाचत नाही.

कायदा: जेवढा गावाला लागतो तेवढा

१८७८ चा भारतीय निखात निधी कायदा अजून लागू आहे. जमिनीत सापडलेली, दहा रुपयांहून जास्त किमतीची वस्तू जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावी लागते. लपवले तर गुन्हा. १९७२ च्या पुरावशेष कायद्याप्रमाणे शंभर वर्षांहून जुन्या मूर्ती, शिल्पे यांच्या मालकीची नोंदणी लागते, आणि परदेशात नेण्यावर बंदी आहे. केंद्राने संरक्षित केलेल्या स्मारकाभोवती १०० मीटर बांधकामास मनाई आणि त्यापुढे २०० मीटर परवानगीने बांधकाम, हा नियम २०१० च्या दुरुस्तीने पक्का झाला. जुन्नरच्या लेण्यांजवळच्या शेतकऱ्यांना तो रोज जाणवतो.

शेतकऱ्याची खरी भीती एकच असते, की नोंद केली तर सरकार जमीन घेईल. ही भीती टाळू नका, तिच्यावर समोरासमोर बोला. गावाने केलेली नोंद म्हणजे संरक्षित स्मारकाची घोषणा नव्हे. ती घोषणा सरकारला अधिसूचना काढूनच करावी लागते. केंद्राच्या कायद्यात त्याआधी हरकतींसाठी दोन महिने दिले आहेत. संरक्षित झाल्यावरही मालकी आपोआप सरकारची होत नाही. मात्र वापरावर बंधने येतात, हेही झाकू नका. अर्धे सत्य सांगून मिळवलेली संमती पहिल्या नोटिशीला मोडते.

राखण: धोका पाहून काम ठरवा

सगळे एकदम वाचवता येत नाही. प्रत्येक अवशेषापुढे एवढेच लिहा: कशाने जाईल आणि किती लवकर जाईल. पांढरीच्या टेकाडाला सर्वांत मोठा धोका सपाटीकरणाचा आणि माती विकण्याचा. जेसीबीच्या दोन दिवसांत तीन हजार वर्षे ट्रॉलीत भरून जातात. म्हणून पंचक्रोशीतल्या जेसीबीवाल्यांशी बोलून ठेवा. कोणत्या गटात काम मिळाले तर आधी फोन करायचा, एवढाच करार. ते गावचेच असतात आणि विश्वासाने विचारले तर ऐकतात. ज्याची जमीन पांढरीवर आहे त्याला शेती थांबवायला सांगू नका. पांढरीवर उथळ नांगरट आणि ठिबक, तर खोल मुळांची फळझाडे आणि शेततळे दुसऱ्या तुकड्यात, एवढे जमले तरी खालचे थर टिकतात.

वीरगळांना आणि मंदिरांना धोका प्रेमाचा आहे. ऑइल पेंट, सिमेंटचा चौथरा, फरशी, कळसाला नवा रंग. जीर्णोद्धाराची वर्गणी जमली की गाव थांबत नाही, म्हणून बोलणे वर्गणीच्या आधी व्हायला हवे. सांगण्यासारखे कारण साधे आहे: सिमेंट आणि तैलरंग दगडातली ओल कोंडून ठेवतात, आणि कोंडलेली ओल दगडाचे पापुद्रे काढते. सांधे भरायचे तर चुन्यात भरा. जुना रंग खरवडायला तारेचा ब्रश, आम्ल, वाळूचा फवारा काहीही नको. तसाच राहू द्या आणि खात्याला विचारा. शेंदूर लावायचा देव असेल तर शेंदूर चालू राहील. त्या दगडाला गावाने कित्येक पिढ्या राखले ते पूजेमुळेच. शेजारचे दगड मात्र रंगवू नयेत, इतके मागा.

भिंतीत पिंपळ किंवा वड रुजला असेल तर मूळ ओढू नका, भिंत घेऊन येईल. रोप लहान असतानाच दर वर्षी कापत राहा. बारवेचा गाळ यंत्राने काढू नका. हाताने, टोपल्यांनी, एका कोपऱ्यापासून, आणि गाळ चाळणीतून घालून. त्यात निघालेल्या मूर्ती, नाणी, भांडी कोणत्या खोलीवर मिळाली ते लिहून पोलीस पाटलांसमोर पंचनामा करा. श्रमदानाच्या उत्साहात हा नियम सर्वांत आधी मोडतो, तेव्हा कामाच्या सकाळीच एक माणूस फक्त नोंदीसाठी नेमा, त्याच्या हातात टोपली द्यायची नाही.

आणखी एक गोष्ट. फेसबुकवर किंवा व्हॉट्सॲपवर न राखलेल्या अवशेषाचे नेमके ठिकाण टाकू नका. फोटो टाका, गाव सांगा, गट क्रमांक नको. चोरटे तेच शोधत असतात. गुप्तधनाच्या नावाखाली पूजा, खणणे असे काही चालू आहे असे कळले तर पोलिसांत जा. अघोरी प्रकार असेल तर २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदाही आहे.

ग्रामसभा आणि दरसालचा फेरा

नकाशा आणि नोंदवही तयार झाल्यावर ती ग्रामसभेत वाचा. जैवविविधता कायद्यानुसार गावागावांत लोकजैवविविधता नोंदवह्या झाल्या आहेत. त्याच धर्तीवर गावची वारसा नोंदवही स्वीकारण्याचा ठराव घ्या. ठरावात तीन गोष्टी असाव्यात: नोंदवही ग्रामपंचायतीच्या दप्तरात राहील, रस्ता, गटार, पाइपलाइन, शेततळे यांची जागा ठरवताना ती पाहिली जाईल, आणि नवे काही सापडले तर कोणाला कळवायचे त्या दोन माणसांची नावे. ग्रामपंचायत विकास आराखड्यात फलक, चर, वाट अशा लहान कामांना जागा मिळते. मोठा निधी मागू नका. मोठ्या निधीबरोबर पेव्हर ब्लॉक येतात.

मग वर्षातून दोन फेऱ्या ठरवा. एक पावसाळा संपल्यावर, पडझड आणि दरडी पाहण्यासाठी. दुसरी चैत्र-वैशाखात, कारण सपाटीकरणाची आणि विहिरींची कामे तेव्हाच चालतात. प्रत्येक फेरीत त्याच जागेवर उभे राहून तोच फोटो घ्या, बदल वहीत लिहा, तारीख घाला आणि फेरीला आलेल्या सगळ्यांच्या सह्या घ्या. शाळेच्या आठवी-नववीच्या मुलांना सोबत न्या आणि मोजमापे त्यांनाच घेऊ द्या. नोंदवहीची एक प्रत ग्रामपंचायतीत, एक शाळेत आणि एक तालुक्याच्या ग्रंथालयात ठेवा, आणि दर फेरीनंतर तिन्ही प्रतींत नवी पाने लावा.